अठरा पावलं चढलेला दगड

१

दगडाला पाय नसतात, हे एशेनरोट गावातलं शेंबडं पोरही सांगेल. तरीही छप्पन सालच्या एप्रिलात, बर्फ वितळून कुरणं उघडी पडली तेव्हा, बाबेटच्या कुरणाच्या कोपऱ्यातला एक्केचाळीस नंबरचा शिवेचा दगड अठरा पावलं चढ चढून वर गेलेला होता. म्हणजे बाबेट तसं म्हणत होती. बाकी गाव म्हणत होतं, दगड आहे तिथंच आहे. नवरा गेल्यापासून बाईचं डोकं मात्र ठिकाणावर नाही.

सोमवारी सकाळी ती वाल्बुर्गाबाईंच्या दारात येऊन उभी राहिली. पायांत गोठ्यातले बूट, डोळे सुजलेले.

वाल्बुर्गाबाई सहासष्ट वर्षांच्या होत्या. अडतीस वर्षं त्यांनी गावातल्या प्रत्येक पोराला ‘आपलं गाव’ हा विषय शिकवला होता: ओढा कुठून येतो, टेकडीला नाव कसं पडलं, प्लेगातून किती घरं वाचली. शाळेतून निवृत्त झाल्यावर त्या ह्याच विषयाचं जाडजूड पुस्तक लिहायला बसल्या होत्या आणि तीन वर्षांत प्लेगापर्यंत पोचल्या होत्या. गाव त्यांना नुसतं ‘बाई’ म्हणे, आणि पन्नाशीचा बाप्याही त्यांच्यासमोर टोपी काढून उभा राही.

“बाई, तुम्ही तरी सांगा. मी खोटं बोलते का?”

“तू? तुला खोटं बोलता आलं असतं तर एव्हाना दुसरं लग्न करून मोकळी झाली असतीस. बैस. खसखशीचा केक खा आणि मग रड.”

बाबेट बसली, पण केकला तिनं हात लावला नाही. गोष्ट अठरा पावलांची नव्हती, झऱ्याची होती. दगड झऱ्याच्या खाली असेल तर झरा बाबेटचा. दगड झऱ्याच्या वर असेल तर झरा खालच्या लेनहार्टचा. बाबेटच्या सहा गाई त्या पाण्यावर जगत होत्या आणि त्या सहा गाईंवर बाबेट. पाणी गेलं की शेत विकून माहेरी, टेकडीपलीकडे, परत जायचं, एवढंच उरत होतं. आणि वेळही फार नव्हता. गावातले जमिनीचे तुकडे एकत्र करायला सरकारी मोजणीसाहेब गुरुवारी येणार होते. त्या दिवशी दगड जिथं उभे असतील तिथून नव्या नकाशावर रेघ जाणार, आणि ती काळ्या दगडावरची रेघ. जुना नकाशा लढाईच्या शेवटच्या आठवड्यात गावकचेरीबरोबर जळून गेला होता.

“सातांना बोलावलंस का?”

“काल आले होते ना! सगळ्यांना हाकललं आणि उकरलं.”

शिवेचे दगड रोवणं, जपणं हे एशेनरोटमध्ये सात माणसांचं काम. ते शपथेनं बांधलेले, मरेपर्यंत. दगड रोवताना ते त्याच्याखाली एक खूण पुरतात. काय पुरतात, कशी मांडतात, हे सातांखेरीज कुणाला ठाऊक नाही. त्यांच्या बायकांना नाही, पाद्रीबाबांनाही नाही. वाद झाला की सात जण बाकीच्यांना दूर पाठवून दगडाची बाजू उकरतात. खूण जशीच्या तशी असली तर दगड खरा. विस्कटली असली तर कुणीतरी तो हलवला. चारशे वर्षं हाच न्याय, आणि त्यावर अपील नाही.

“मग?”

“खूण बरोबर निघाली,” बाबेट म्हणाली. “अगदी बरोबर. कोनराडकाकांनी सगळ्यांसमोर सांगितलं. पण बाई, दगड तिथं नव्हता हो! अकरा वर्षं मी त्याच्यावर दुधाची बरणी टेकवून दम खाल्लाय.”

बाईंनी चष्मा काढून पुसला. बाबेट खरं बोलत असेल तर दगड हलला होता. दगड हलूनही खूण बरोबर असेल तर ती मांडणारा खूण जाणणारा होता. म्हणजे सातांपैकी एक. कुंपणानंच शेत खाल्लं होतं.

२

दुपारी बाई काठी घेऊन कुरणात गेल्या. चढ त्यांच्या पायाखालचा होता. खालच्या अंगाला निळसर, चिवट चिकणमाती. वरच्या अंगाला लाल, भुसभुशीत. अडतीस वर्षं त्यांनी पोरांना हेच गाऊन दाखवलं होतं: ‘वर लाल, खाली निळी, मधून निघते पाण्याची नळी.’ लाल मातीत मुरलेलं पाणी निळीवर येऊन अडतं आणि बाहेर पडतं, तोच हा झरा. आज तो लेनहार्टच्या नशिबात असल्यासारखा खळखळत होता.

दगड झऱ्याच्या वर, लाल मातीत, ताठ उभा होता. आजूबाजूला उंदरांनी उकरलेली लाल ढेकळं पडली होती. पूर्वी तिथून खालपर्यंत काटेरी कुंपण होतं, ते गेल्या उन्हाळ्यानंतर उपटलं. खुणेला झुडूपही उरलं नव्हतं. आणि हा दगड कोपऱ्याचा, त्यामुळे दोन बाजूंच्या दगडांवरून सरळ रेघ धरून पाहण्याचीही सोय नाही. ज्यानं कुणी केलं त्यानं दगड बरोबर निवडला होता.

“बघून घ्या बाई, नीट बघून घ्या!” खालून लेनहार्ट काठी टेकत, लंगडत येत होता. गावातला सगळ्यात मोठा शेतकरी, आणि ते तो कुणाला विसरू देत नसे. “तुमच्या पुस्तकात लिहा. दगड उभा आहे, खूण बोलली आहे, झरा माझा आहे.”

“पायाला काय झालं?”

“फेब्रुवारीच्या दोन तारखेला अंगणातल्या बर्फावर घसरलो. ईस्टरच्या आदल्या दिवशी प्लास्टर निघालं. दोन महिने चुलीपाशी बसून बायकोचं तोंड बघितलं, दुश्मनावर वेळ येऊ नये.”

“तीही हेच म्हणत असेल. बाबेट म्हणते दगड खाली होता.”

“बाबेट! ती टेकडीपलीकडची. तिला इथल्या एका तरी दगडाची थप्पड बसलीय का?”

पूर्वी दर सात वर्षांनी गाव शीव चालायचं आणि प्रत्येक दगडापाशी एका पोराच्या कानाखाली सणसणीत वाजवायचं, म्हणजे म्हातारपणीही त्याला जागा आठवावी. एका दगडाला एका फेरीत एकच गाल. ज्यानं ती थप्पड खाल्ली नाही त्याचं शिवेबद्दलचं बोलणं गाव ऐकून घेई, पण मानत नसे.

“मला बसलीय,” बाई म्हणाल्या. “ह्याच दगडाची. अठराशे नव्याण्णव साली, कोनराडच्या बापाच्या हातची. मुलींना नेत नसत, पण मी आदल्या दिवसापासून भोकाड पसरलं होतं. माझ्यानंतर ह्या दगडाची थप्पड खाल्लेले दोघं. एक पहिल्या लढाईत गेला, दुसरा दुसऱ्या लढाईत.”

“मग सांगा, कुठं उभ्या होतात?”

बाईंनी खाली दरीकडे पाहिलं. त्या दिवशी कान गरम झाला होता, डोळे भरले होते, आणि रडू आवरायला त्यांनी समोर काहीतरी धरून ठेवलं होतं. चर्चच्या मनोऱ्यावरचा पत्र्याचा कोंबडा. तो तेव्हा खालच्या गिरणीच्या छपरावर बसल्यासारखा दिसत होता. इतकं हसू आलं की रडायचं राहूनच गेलं.

आत्ता, दगडाशेजारून, कोंबडा गिरणीच्या कितीतरी वर, निव्वळ आभाळात होता.

बाई काठी टेकत उतार उतरू लागल्या. पाच, दहा, पंधरा. प्रत्येक पावलाला कोंबडा खाली येत होता. अठराव्या पावलाला तो छपरावर येऊन बसला. “इथं,” त्या म्हणाल्या, “तेव्हा कोंबडा असाच गिरणीवर बसला होता.”

“सत्तावन्न वर्षांपूर्वीची आठवण,” लेनहार्ट मागून म्हणाला, पण आवाजातला तोरा कमी झाला होता. “मोजणीसाहेब हसेल बाई.”

हसेल, हे बाईंनाही ठाऊक होतं. पण त्यांच्यापुरता निकाल लागला होता. बाबेट खरी होती. मग सातांपैकी खोटा कोण?

३

गावात ह्या प्रश्नाचं उत्तर सगळ्यात मोठ्यानं देत होता तो किलिआन, बाबेटचा धाकटा दीर. गावच्या बीअरच्या भट्टीवर कामाला. हिवाळ्यात तळ्यातला बर्फ कापून तळघर भरायचं आणि उन्हाळाभर बीअर थंड ठेवायची, हे त्याचं काम. मंगळवारी बाई गेल्या तेव्हा तो तळघराच्या तोंडाशी बसून हातभर लांब, मोठ्या दातांची करवत पुसत होता.

“या बाई! उकाडा झालाय का, बर्फ देऊ?”

“नको रे, माझी हाडं आधीच थंड आहेत. यंदा बर्फ बरा मिळाला म्हणे.”

“बरा? अहो, असा फेब्रुवारी माझ्या आयुष्यात नाही पाहिला. चिमण्या उडता उडता पडत होत्या. गाव सगळं चुलीपाशी, आणि आम्ही तळ्यावर. ह्या करवतीनं चारशे लाद्या काढल्या, एक म्हणून वाकडी नाही.” त्यानं तळघराच्या चौकोनी तोंडावर थाप मारली. “ह्या भोकातून जाईल तेवढीच लादी. डोळे बांधा, दारू पाजा, माझा हात तेवढाच कापणार.”

“शाळेत तुला सरळ रेघ मारता येत नव्हती.”

“शाळेत करवत दिली असती तर मारली असती!” तो हसला, मग एकदम गंभीर झाला. “बाई, वहिनीचं काहीतरी करा. झेबाल्डनं शपथ विकली, मी सांगतो तुम्हांला. त्याच्या खानावळीत नवं ओकचं टेबल कुठून आलं, विचारा. लेनहार्टच्या रानातून! मी वहिनीला म्हटलंय, विकायचीच पाळी आली तर परक्याला नको, मी पोटाला चिमटा घेईन पण घेईन. मी त्या घरात जन्मलोय, गोठ्याची कडी कुठं अडकते तेसुद्धा मला ठाऊक आहे.”

पोरगा भावाच्या घरासाठी जीव टाकतो, असं बाईंच्या मनात आलं आणि त्यांना बरं वाटलं.

खानावळीत ओकचं टेबल होतं खरं. झेबाल्ड, सातांमधला सगळ्यात तरुण, चाळिशीचा, ते पुसत होता. स्वच्छ होतं तरी पुसत होता.

“टेबल छान आहे,” बाई म्हणाल्या.

“पैसे मोजून घेतलंय. लेनहार्टची पावती दाखवू?”

“पावती कुणी मागितली? सूप प्यायलं नाही तोच ओठ पुसतोयस. मला खड्ड्याबद्दल विचारायचंय.”

झेबाल्डच्या हातातलं फडकं थांबलं. “बाई, वाटेल ते विचारा, खड्ड्याबद्दल नको. शपथ आहे.”

“खूण काय ते मी कुठं विचारतेय?”

“खूणच नव्हे, खड्ड्यात जे दिसतं ते सगळंच शपथेत येतं.” त्यानं दाराकडे पाहिलं, मग खाली वाकून घाईघाईनं म्हणाला, “एवढंच सांगतो. मला तिथं काहीतरी खटकलं. मी तोंड उघडलं होतं. कोनराडनं मला गप्प बसवलं.”

बाई बाहेर आल्या. कोनराड हर्टल, सातांचा म्होरक्या. शाळेत त्यांच्या मागच्या बाकावर बसायचा आणि वेणी दौतीत बुडवायचा. उभ्या जन्मात त्यांनी ज्याला खोटं बोलताना पाहिलं नव्हतं, असा एकच माणूस गावात होता, आणि तो हा.

४

बुधवारी सकाळी कोनराडच्या अंगणात त्याची बायको कुनिगुंड धुणं वाळत घालत होती आणि धुण्यापेक्षा जास्त नवऱ्याला पिळत होती.

“बघा हो बाई, ही विजार! तीन पाण्यांतून काढली, गुडघ्यांचा निळा राडा जातोय का? म्हटलं, कुठल्या डबक्यात लोळलास? तर म्हणे, शपथेत येतं. आता चिखलालाही शपथ!”

“कधीची विजार?”

“रविवारची. दगड उकरायला चढवून गेला होता. तरी सांगत होते, जुनी घाल.”

बाईंनी विजारीचा गुडघा बोटांत धरला. मग आपल्या बुटांकडे पाहिलं. सोमवारी दगडापाशी उभं राहून आलेले ते बूट, अजून पुसायचे राहिलेले. टाचांना लाल माती होती.

त्या तशाच स्वयंपाकघरात शिरल्या. कोनराड खिडकीपाशी पाइप ओढत बसला होता. तीन रात्री झोपला नसावा.

“बुर्गल,” तो शाळेतल्या जुन्या नावानं म्हणाला, “खड्ड्याचं विचारायला आली असशील तर कॉफी पी आणि जा.”

“विचारत नाहीये. मी बोलते, तू ऐक. माझं चुकलं तर खोक. बरोबर असलं तर गप्प बस. गप्प बसायची शपथ तू घेतलेलीच आहेस.”

कोनराडनं पाइप तोंडातून काढला.

“दगड आत्ता उभा आहे तिथली माती लाल आहे.”

शांतता.

“तुम्ही गुडघे टेकून उकरलंत, तर आत खुणेभोवती निळी चिकणमाती निघाली.”

घड्याळाची टिकटिक तेवढी ऐकू येत होती. कुनिगुंड चिमटे हातात घेऊन दारात थबकली होती.

“झेबाल्ड म्हणाला, ही निळी माती इथं कशी? तू त्याला दटावलंस, की आपण खूण पाहायला आलोय, माती नाही. खूण बरोबर तर दगड बरोबर, बापजाद्यांपासून नियम आहे.”

कोनराडचे डोळे पाणावले, पण तो खोकला नाही.

“हा तुझा मूर्खपणा होता, कोनराड.”

इथे मात्र कोनराड खोकला. चांगला दोनदा खोकला.

“बरं, मूर्खपणा नाही, हट्ट. पण ऐक, तुला तीन रात्री जे खातंय ते खरं नाही. तुझ्या सातांपैकी कुणीही शपथ मोडलेली नाही.”

“काय?” म्हातारा उठून उभाच राहिला.

“खुणेला कुणी हातच लावला नाही. ती ज्या मातीत होती त्या मातीसकट वर आलीय. दगड, खूण, भोवतीची जमीन, सगळं एका तुकड्यात.”

“जमीन काय केक आहे, बुर्गल? ती चिकणमाती खोऱ्यावर धरत नाही, गळून जाते.”

बाईंचा हात कॉफीच्या कपावर थांबला. गळून जाते, खरं आहे. एप्रिलात गळते, ऑक्टोबरात गळते. पण उडत्या चिमण्या पडत होत्या तेव्हा?

कॉफी न पिताच त्या उठल्या. जाता जाता कुनिगुंडच्या वाळणीची एक रिकामी दोरी त्यांनी सोडून घेतली.

“बाई, माझी दोरी!”

“उद्या देते. उद्या ती साक्षीला हवी आहे.”

५

गुरुवारी सकाळी दहाला मोजणीसाहेब आपली तिपाई आणि दुर्बीण घेऊन कुरणात आले, आणि त्यांच्यामागे अख्खं गाव आलं. साहेब तरुण होते, शहरी बूट घालून चिखलात उभे होते आणि लवकर आटपावं म्हणून घड्याळ पाहत होते. बाबेट झऱ्यापाशी एकटी उभी होती. किलिआननं तिच्या खांद्यावर हात ठेवला होता.

“साहेब,” बाई म्हणाल्या, “रेघ मारायच्या आधी अर्धा तास द्या. मी ह्या गावाला अडतीस वर्षं एकच विषय शिकवला, आज त्याची परीक्षा घ्यायचीय. झेबाल्ड, कुदळ घे. ह्या दगडापासून खाली अठरा पावलं.”

ती जागा त्यांनी पावलांनी नव्हे, कोंबड्यानं ठरवली. कोंबडा गिरणीच्या छपरावर बसला तिथं त्यांनी काठी रोवली. “इथली माती कुठली? कोण सांगतं?”

“निळी!” चाळीस-पन्नास आवाज उठले. कुणीतरी मागून ‘वर लाल, खाली निळी’ गुणगुणलं आणि हशा पिकला.

झेबाल्डनं गवताचा थर काढला. आणि हशा थांबला. निळ्या जमिनीत लाल मातीचं ठिगळ होतं.

“वरचा खड्डा खणला, त्याची लाल माती उरली. खाली खड्डा पडला, तो भरायला हवा. ही माती तिथं घातली. चोर नीटनेटका होता. पण ‘आपलं गाव’ ह्या विषयात नापास.” बाई सातांकडे वळल्या. “किलिआन दोन दिवस ओरडतोय की सातांपैकी कुणीतरी शपथ विकली. विचार करा. ज्याला खूण ठाऊक आहे तो काय करेल? दगड उपटेल, खूण हातानं उचलेल, वर नेऊन तशीच मांडेल. अख्खी जमीन उचलायची यातायात तोच करेल ज्याला खूण ठाऊक नाही आणि ती विस्कटण्याची भीती आहे. म्हणजे हे सात सोडून कुणीही.”

कोनराडनं सुस्कारा टाकला, तो सगळ्यांना ऐकू गेला. झेबाल्डनं डोळे पुसले आणि तोंडभर निळा राडा लावून घेतला.

“मग राहतो मी,” लेनहार्ट गुरगुरला. “तेच म्हणायचंय ना?”

“तू राहिला असतास. पण ही चिकणमाती एकसंध उचलायची तर ती दगडासारखी गोठलेली हवी, आणि ती गोठली फेब्रुवारीत. तेव्हा तू प्लास्टरमध्ये बायकोचं तोंड बघत होतास. झेबाल्ड, ती लाल माती काढ. कडा मोडू नकोस.”

झेबाल्ड खोऱ्यानं, मग हातानं लाल माती उपसू लागला. साहेबही घड्याळ विसरून पुढं झाले. भुसभुशीत लाल माती निघत गेली आणि आत निळ्या भिंती उघड्या पडल्या. उभ्या, गुळगुळीत. चार कोपरे काटकोनात.

“खोऱ्यानं खड्डा गोल होतो,” बाई म्हणाल्या. “हा करवतीचा आहे.”

त्यांनी पिशवीतून कुनिगुंडची दोरी काढली. दोरीला एक गाठ होती. “काल दुपारी भट्टीवर सगळे जेवायला गेले होते तेव्हा मी तळघराच्या तोंडाचं माप घेऊन आले. बर्फाची लादी जाईल तेवढं, एक बोट जास्त नाही.” दोरीचं टोक त्यांनी खड्ड्याच्या एका कोपऱ्यात धरलं आणि गाठ दुसऱ्या कोपऱ्यावर आली. मग आडवी धरली. तिथंही गाठ कोपऱ्यावर आली.

बाबेटनं मान वळवून आपल्या खांद्यावरच्या हाताकडे पाहिलं. तो हात हळूच निघाला.

“तुझा हात तेवढाच कापतो, किलिआन,” बाई म्हणाल्या. “तूच सांगितलंस. इथं चार बोटं कमी-जास्त कापली असतीस तर मी आयुष्यभर शोधत बसले असते. ती करवत, लाद्या उचलायची ती कप्पी, बर्फावरून ओढायची तीच घसरगाडी. गाव चुलीपाशी होतं आणि तू बाहेर.”

‘नाही’ म्हणायला किलिआननं तोंड उघडलं, खड्ड्याकडे पाहिलं आणि ते मिटलं.

“शेत थोरल्याचं, धाकट्याला बर्फ,” तो शेवटी म्हणाला. “बापानं तेच केलं. भाऊ गेऑर्ग गेला तेव्हा वाटलं, आता तरी. पण ही राहिली. माझ्या आईच्या चुलीवर ही स्वयंपाक करते आणि मला रविवारी पाहुण्यासारखं जेवायला बोलावते.”

“पण झऱ्याशिवाय शेत घेऊन काय करणार होतास?” कोनराडनं विचारलं.

उत्तर लेनहार्टनं दिलं, खाली मान घालून. “हिवाळ्यात भेटायला आला होता मला. म्हणाला, उद्या झरा तुझा असता आणि शेत माझं, तर पाणी अर्धं अर्धं केलं असतंस का? मी म्हटलं, का नाही? मला वाटलं बोलण्यातलं बोलणं.” त्यानं काठी जमिनीवर आपटली. “सोमवारी बाई कोंबडा दाखवत होत्या तेव्हाच मला ते आठवलं होतं. बोललो नाही. माझीही चूक आहे, बाबेट.”

बाबेट किलिआनजवळ गेली. सगळ्या गावाला वाटलं, आता वाजवणार. तो गाल पुढं करूनच उभा होता.

“दर रविवारी तुझ्यासाठी बटाट्याचे गोळे मी तुझ्या आईच्या पद्धतीनं करत होते,” ती म्हणाली. “मला आवडत नाहीत ते. मागितलं असतंस तर वरची खोली दिली असती रे.”

किलिआन तिथून चालत गेला, चढावरून, मागं न बघता. त्याला कुणी अडवलं नाही.

६

दगड परत खाली आणायचं काम सातांचं. कोनराडनं हात वर केला आणि सगळं गाव पाठ फिरवून उभं राहिलं. मोजणीसाहेबांनी विचारलं, “मीसुद्धा?” आणि कुनिगुंडनं त्यांना दंडाला धरून फिरवलं. बाईही फिरल्या. चारशे वर्षांचं गुपित त्यांच्या पाठीमागे दहा हातांच्या अंतरावर मांडलं जात होतं, आणि ज्या पुस्तकात गावचा प्रत्येक दगड यायला हवा त्यात एवढं एक पान कोरं राहणार होतं. राहू दे, असं त्यांनी ठरवलं आणि कोंबड्याकडे बघत राहिल्या.

“झालं,” कोनराड म्हणाला. “फिरा.”

दगड आपल्या जागी होता. साहेबांनी दुर्बिणीतून पाहिलं, आकडे लिहिले, रेघ मारली. झरा बाबेटचा झाला, कागदावरही. लोक घराकडे वळू लागले.

“थांबा,” बाबेट म्हणाली. “दगड रोवला. थप्पड?”

कोनराड गोंधळला. “ती पोरांना मारतात, मुली. आणि शीव चालायचं तर आपण पहिल्या लढाईपासून सोडलंच आहे.”

“ह्या दगडाची थप्पड खाल्लेलं माणूस आता एकच उरलंय, आणि बाई सहासष्ट वर्षांच्या आहेत.” तिनं डोक्यावरचा रुमाल सोडला आणि गाल पुढं केला. “मी टेकडीपलीकडची. म्हणून चार दिवस माझं खरं कुणी धरलं नाही. पुढच्या वेळी धरायला हवं. मारा.”

कोनराडनं बाईंकडे पाहिलं. बाईंनी मान हलवली. म्हाताऱ्यानं हात उचलला आणि चिमणीला उडवावं तसा तिच्या गालाला लावला.

“काका,” बाबेट म्हणाली, “ही तर दोन दिवसांत विसरेन.”

मग कोनराडनं नीट मारली. आवाज झऱ्याच्या पलीकडे गेला. बाबेटच्या डोळ्यांत पाणी आलं आणि ती ओठ दाबून समोर दरीकडे पाहत राहिली.

“काय दिसतंय?” वाल्बुर्गाबाईंनी विचारलं.

“कोंबडा,” ती म्हणाली, आणि रडता रडता हसायला लागली. “गिरणीवर बसलाय.”